समीकरणाची उकल : बीजगणिताने आणि आलेखाने

बीजगणिताचा विषय निघाला की, तो माध्यमिक शाळेचा प्रांत आहे, प्राथमिक शिक्षकाचा त्याच्याशी संबंध नाही, असा समज पुष्कळ ठिकाणी आढळतो. वर्गसमीकरण हा शब्द मुलांच्या कानी माध्यमिक शाळेतच पडतो, हे खरे. परंतु त्या वाटेवर लागणारी शिदोरी प्राथमिक शाळेनेच बांधून द्यावयाची असते. आयताचे क्षेत्रफळ, संख्येचे अवयव, ऋण संख्यांचे व्यवहार आणि चौकटीच्या कागदावर बिंदू मांडणे, एवढ्या चार गोष्टी या शिदोरीत याव्यात. ज्या मुलाच्या या चार गोष्टी कच्च्या राहतात ते पुढे सूत्र पाठ करते, किमती घालते, उत्तरही काढते. परंतु ते उत्तर कशाचे आहे हे त्याला सांगता येत नाही. राजर्षी शाहू महाराजांनी १९१७ मध्ये करवीर संस्थानात प्राथमिक शिक्षण सक्तीचे व मोफत केले. मूल शाळेत यावे, ही पहिली पायरी त्यामुळे साधली. मुलाला समजल्यावाचून पुढे ढकलू नये, ही दुसरी पायरी. आणि ती सर्वस्वी शिक्षकाच्या हाती आहे.

समीकरण सोडविण्याच्या दोन रीती आहेत. एक अक्षरांची, म्हणजे बीजगणिताची. दुसरी आकृतीची, म्हणजे आलेखाची. उत्तरे किती आहेत आणि ती साधारण कोठे आहेत, हे आलेख दाखवितो. ती नेमकी किती, हे बीजगणित सांगते. आणि त्यांतील कोणते घ्यावयाचे, हे मूळ उदाहरणाच्या शब्दांवरून ठरते. या तिन्ही गोष्टी एकत्र शिकविल्या तरच समीकरण मुलाला कळले असे म्हणता येईल. पुढील विवेचन याच दृष्टीने केले आहे.

१. नदीची पातळी आणि समीकरणाचे मूळ

आपल्या जिल्ह्यातील मुलांना आलेख परका नाही. पावसाळ्यात पंचगंगेची पातळी राजाराम बंधाऱ्याजवळ फुटांत मोजतात आणि ती वर्तमानपत्रांतून प्रसिद्ध होते. तेथे ३९ फूट ही इशारा पातळी व ४३ फूट ही धोका पातळी ठरविलेली आहे. ऑगस्ट २०१९ आणि जुलै २०२१ च्या महापुरांत नदीने धोका पातळी ओलांडली, हे नदीकाठच्या गावांतील मुलांनी घरच्या माणसांकडून ऐकलेले असते.

पावसाळ्यातील काही आठवड्यांचे आकडे मुलांकडून रोज फळ्याच्या कोपऱ्यात लिहवून घ्यावेत. चौकटीच्या कागदावर आडव्या अक्षावर दिवस व उभ्या अक्षावर पातळी घेऊन बिंदू मांडावेत व ते जोडावेत. नंतर ४३ फुटांच्या ठिकाणी तांबड्या पेन्सिलीने एक आडवी रेषा ओढावी आणि विचारावे, “पाणी नेमके ४३ फुटांवर केव्हा होते?” मोठा पूर आला असेल तर रेषा आलेखाला दोन ठिकाणी छेदते : एकदा पाणी चढताना, एकदा उतरताना. पाणी केवळ रेषेला शिवून परतले असेल तर एकच उत्तर मिळते. पाणी तेथवर पोहोचलेच नसेल तर उत्तर नाही. आणि ‘उत्तर नाही’ हेही योग्य उत्तरच होय.

एवढे झाले म्हणजे समीकरणाचे ‘मूळ’ म्हणजे काय हे मुलांना व्याख्येवाचून कळते. ज्या ठिकाणी आलेख ठरावीक पातळी गाठतो, ते ठिकाण म्हणजे मूळ. एक भेद मात्र येथेच सांगून ठेवावा. नदीची पातळी कोणत्याही ठरलेल्या सूत्राने चालत नाही. म्हणून तेथे आलेखाखेरीज दुसरा मार्ग नाही. जेथे राशींचा संबंध सूत्राने मांडता येतो, तेथे आलेखाच्या जोडीला बीजगणितही येते. अशाच एका उदाहरणाकडे आता वळू.

२. परसबागेचे उदाहरण

शाळेच्या परसबागेला कुंपण घालण्यासाठी ६० मीटर तार आहे. बाग आयताकृती असून तिचे क्षेत्रफळ २०० चौरस मीटर व्हावे. लांबी-रुंदी किती ठेवावी?

तारेची निम्मी लांबी, म्हणजे ३० मीटर, ही बागेच्या लांबी व रुंदीची बेरीज आहे. लांबी क्ष मीटर मानली तर रुंदी (३० − क्ष) मीटर होते आणि क्षेत्रफळ क्ष(३० − क्ष) होते. प्रथम बीजगणित बाजूला ठेवून मुलांकडून तक्ता भरून घ्यावा.

लांबी ५ : क्षेत्रफळ १२५
लांबी १० : क्षेत्रफळ २००
लांबी १५ : क्षेत्रफळ २२५
लांबी २० : क्षेत्रफळ २००
लांबी २५ : क्षेत्रफळ १२५

हे पाच बिंदू कागदावर मांडले की, मुले पट्टीने ते जोडू लागतात. त्यांना थांबवून लांबी १२ असता क्षेत्रफळ काढावयास सांगावे. ते १२ × १८ = २१६ येते. पट्टीने ओढलेल्या रेषेवर मात्र त्या ठिकाणी २१० वाचावयास मिळतात. यावरून बिंदूंच्या मधला मार्ग सरळ नसून वक्र आहे हे मुलांच्या प्रत्ययास येते. आणखी चार-सहा बिंदू घेऊन हाताने सफाईदार वक्र काढावा. या वक्रास अन्वस्त असे नाव आहे. वर फेकलेला चेंडू ज्या मार्गाने खाली येतो, त्याचा आकारही जवळजवळ असाच असतो.

आता २०० ची आडवी रेषा ओढावी. ती वक्राला १० व २० या दोन ठिकाणी छेदते. लांबी २० घेतली तर रुंदी १०, आणि लांबी १० घेतली तर रुंदी २०. बाग तीच, केवळ तिची दिशा बदलली. २२५ ची रेषा वक्राच्या माथ्याला फक्त स्पर्श करते. तेथे लांबी १५, रुंदी १५, म्हणजे बाग चौरस होते. २४० ची रेषा वक्राच्या वरूनच जाते. ६० मीटर तारेत २४० चौरस मीटरांचा आयत बसविता येत नाही, हे कोणतेही सूत्र न वापरता दिसून येते. दिलेल्या तारेत सर्वांत मोठा आयत चौरसाचाच, ही शेतकऱ्याच्या मुलाला उपयोगी पडणारी गोष्टही जाता जाता हाती लागते.

३. तेच उदाहरण अक्षरांनी

क्ष(३० − क्ष) = २०० हे समीकरण मांडून सर्व पदे एका बाजूस आणली म्हणजे

क्ष² − ३०क्ष + २०० = ०

असे होते. ज्यांची बेरीज ३० व गुणाकार २०० अशा दोन संख्या शोधावयाच्या. त्या १० व २० आहेत. म्हणून

(क्ष − १०)(क्ष − २०) = ०.

येथे शिक्षकाने थोडे थांबावे. दोन संख्यांचा गुणाकार शून्य असेल तर त्यांपैकी एक तरी शून्य असलीच पाहिजे. हा गुण फक्त शून्याचा आहे. गुणाकार ५० असेल तर एक संख्या ५० असलीच पाहिजे असे नाही. ती ५ असेल, २ असेल, काहीही असेल. पुष्कळ मुले उजव्या बाजूस शून्य नसतानाही अवयव वेगवेगळे करून उत्तरे लिहितात. उजवीकडे शून्य का हवे, हे न समजल्यामुळे ही चूक होते.

अवयव सहज सापडत नसतील तर काय करावे? समजा, बागेचे क्षेत्रफळ २१० चौरस मीटर हवे आहे. तक्त्यातील २०० आणि २२५ यांच्यामध्ये हा आकडा येतो. आलेख सांगतो की, उत्तरे ११ व १९ च्या आसपास आहेत. येथे श्रीधराचार्यांची रीत उपयोगी पडते. ही रीत भास्कराचार्यांनी आपल्या बीजगणितात श्रीधराचार्यांच्या नावानेच दिली आहे. वर्गपदाच्या सहगुणकाच्या चौपटीने दोन्ही बाजूंस गुणावे आणि मग अव्यक्ताच्या सहगुणकाचा वर्ग दोन्हीकडे मिळवावा.

क्ष² − ३०क्ष = −२१०
४क्ष² − १२०क्ष = −८४०
४क्ष² − १२०क्ष + ९०० = ६०
(२क्ष − ३०)² = ६०

६० चे वर्गमूळ सुमारे ७.७५ आहे. म्हणून क्ष सुमारे १८.८७ किंवा ११.१३ येतो. आलेखाने दाखविलेली जागा व अक्षरांनी दिलेले उत्तर यांचा मेळ बसला.

हीच रीत २४० साठी लावून पाहावी. तेथे (२क्ष − ३०)² = −६० असे येते. कोणत्याही व्यवहारातील संख्येचा वर्ग ऋण असत नाही. म्हणून उत्तर नाही. आलेखात रेषा वक्राच्या वरून गेली, आणि बीजगणितात वर्ग ऋण आला. एकच गोष्ट दोन भाषांत सांगितली गेली. २२५ साठी उजवीकडे शून्य येते व एकच मूळ मिळते. माध्यमिक शाळेत मुले जे सूत्र शिकतात ते या रीतीचेच संक्षिप्त रूप आहे. रीत समजलेल्या मुलास सूत्र विसरले तरी अडत नाही.

४. भास्कराचार्यांचे वानर

भास्कराचार्यांचा जन्म १११४ चा. ११५० मध्ये, वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, त्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणी’ रचला. त्या काळी आपल्या करवीर प्रदेशावर शिलाहारांची सत्ता होती. पन्हाळगड बांधणारा दुसरा भोज याच घराण्यातला. जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळ पाटण येथे १२०७ चा शिलालेख आहे. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचे नातू चांगदेव यांनी तेथे मठ स्थापिल्याचे त्यावरून समजते. गणिताच्या अभ्यासासाठी नेमणूक करून दिल्याचा असा लेख महाराष्ट्राच्या भूमीवर आहे, हे प्रत्येक शिक्षकास ठाऊक असावे.

त्यांच्या बीजगणितात वानरांची दोन उदाहरणे आहेत. पहिल्यात, कळपाच्या आठव्या भागाच्या वर्गाइतके वानर वनात खेळत आहेत आणि उरलेले बारा टेकडीवर आहेत. कळपात क्ष वानर मानले तर समीकरण क्ष² − ६४क्ष + ७६८ = ० असे होते. त्याची मुळे ४८ व १६. कळपात ४८ वानर असतील तर आठवा भाग ६, त्याचा वर्ग ३६, त्यात १२ मिळवून ४८. कळपात १६ असतील तर आठवा भाग २, वर्ग ४, त्यात १२ मिळवून १६. दोन्ही उत्तरे बरोबर आहेत व दोन्ही स्वीकारावी लागतात.

दुसऱ्या उदाहरणात, कळपाच्या पाचव्या भागातून तीन वजा करून जो वर्ग येतो तितके वानर गुहेत गेले आणि एक फांदीवर दिसत आहे. समीकरण क्ष² − ५५क्ष + २५० = ०; मुळे ५० व ५. कळप ५० चा असेल तर पाचवा भाग १०, तीन वजा जाता ७, वर्ग ४९, फांदीवरचा एक मिळून ५०. कळप ५ चा असेल तर पाचवा भाग १, आणि त्यातून तीन वजा करावयाचे! ते उणे दोन येतात. त्याचा वर्ग ४ व एक मिळून ५ होतात खरे, परंतु एका वानरातून तीन वानर कसे काढावयाचे? म्हणून भास्कराचार्यांनी हे दुसरे उत्तर त्याज्य ठरविले.

ही दोन उदाहरणे शेजारी शेजारी शिकवावीत, अशी आग्रहाची सूचना आहे. समीकरणाच्या दृष्टीने ५ आणि ५० यांत भेद नाही. आलेखही दोन्ही ठिकाणी अक्षाला सारखाच छेदतो. निवड करावयाची ती उदाहरणाचे शब्द पुन्हा वाचून. उत्तर काढून झाल्यावर उदाहरण पुन्हा वाचण्याची सवय इयत्ता चौथीपासून लावता येते.

५. तिसरा व चौथा घात

घात वाढला की आलेखाचे महत्त्व अधिक पटते. भास्कराचार्यांनी घनसमीकरणाचे एक उदाहरण दिले आहे : क्ष³ + १२क्ष = ६क्ष² + ३५. त्यांनी दोन्ही बाजूंतून ६क्ष² + ८ वजा केले. तेव्हा डावीकडे क्ष³ − ६क्ष² + १२क्ष − ८, म्हणजे (क्ष − २)³ हा पूर्ण घन, आणि उजवीकडे २७ राहिले. म्हणून क्ष − २ = ३ आणि क्ष = ५.

सर्व पदे डावीकडे आणून त्यांची किंमत क्ष च्या निरनिराळ्या किमतींसाठी काढली तर ती ० ला −३५, १ ला −२८, २ ला −२७, ३ ला −२६, ४ ला −१९, ५ ला ० व ६ ला ३७ अशी येते. आलेख २ जवळ जवळजवळ आडवा होतो, मग वेगाने चढतो व ५ ला अक्ष ओलांडतो. तो सतत चढताच असल्यामुळे पुन्हा अक्षाकडे येत नाही. म्हणून येथे एकच मूळ आहे.

चौथ्या घाताचे त्यांचे उदाहरण असे : क्ष⁴ − २क्ष² − ४००क्ष = ९९९९. त्यांनी दोन्हीकडे ४क्ष² + ४००क्ष + १ मिळविले. त्यामुळे डावीकडे (क्ष² + १)² आणि उजवीकडे (२क्ष + १००)² असे दोन पूर्ण वर्ग झाले. मग क्ष² + १ = २क्ष + १०० यावरून क्ष = ११ हे उत्तर आले. काय मिळवावे हे सांगणारा सरसकट नियम येथे नाही, बुद्धीनेच ते हेरावे लागते, असा त्यांचा अभिप्राय आहे.

आता आलेख काढावा. उभ्या अक्षावर एक चौकट म्हणजे १००० घ्यावे. सर्व पदे डावीकडे आणली असता १० ला −४१९९, ११ ला ० व १२ ला ५६४९ अशा किमती येतात. परंतु डावीकडे, ऋण बाजूस, −८ ला −२८३१, −९ ला ० व −१० ला ३८०१ अशा किमती मिळतात. म्हणजे −९ हेही मूळ आहे! अक्षरांत ते क्ष² − २क्ष − ९९ = ० या वर्गसमीकरणाचे दुसरे मूळ म्हणून होतेच. एका उत्तरावर समाधान मानून थांबू नये, हा धडा आलेख येथे देतो.

६. जेथे नेमके उत्तर मिळत नाही

युरोपात घन व चतुर्घात समीकरणांच्या सामान्य रीती कार्दानोच्या १५४५ च्या ग्रंथात प्रसिद्ध झाल्या. देकार्तच्या १६३७ च्या भूमितीच्या ग्रंथानंतर समीकरण व वक्र यांचा संबंध दृढ झाला. १८२४ मध्ये नॉर्वेच्या आबेलने सिद्ध केले की, पाचव्या घाताच्या सर्व समीकरणांना लागू पडेल असे, केवळ बेरीज, वजाबाकी, गुणाकार, भागाकार व मुळे काढणे यांवर आधारलेले सूत्र असूच शकत नाही. तेव्हा जवळचे उत्तर काढण्याची कला प्रत्येकास आली पाहिजे. व्यवहारात तर घन समीकरणासाठीही तीच सोयीची पडते.

उदाहरणार्थ, गावात पाण्याची टाकी बांधावयाची आहे. तळ चौरस असून खोली बाजूपेक्षा १ मीटर कमी आहे. टाकीत ३०,००० लिटर, म्हणजे ३० घनमीटर, पाणी मावावे. तर क्ष²(क्ष − १) = ३०. बाजू ३ असता १८ घनमीटर, ४ असता ४८ घनमीटर. म्हणून उत्तर ३ व ४ यांमध्ये आहे. ३.५ असता ३०.६२५ येतात, थोडे अधिक. ३.४ असता २७.७४४, कमी. ३.४७ असता २९.७४ व ३.४८ असता ३०.०३. म्हणून बाजू ३.४८ मीटर व खोली २.४८ मीटर ठेवावी. गवंड्यास याहून सूक्ष्म उत्तर नको असते. एकदा कमी, एकदा अधिक, असे दोन्हीकडून घेरत जाणे, हेच या रीतीचे मर्म आहे.

७. वर्गात पाठ कसा घ्यावा

इयत्ता सहावी-सातवीसाठी या विषयाचे दोन पाठ पुरेत. साहित्य : चौकटीची वही, तांबडी पेन्सिल, ६ मीटर सुतळी.

उजळणी : आयताची परिमिती व क्षेत्रफळ, २०० चे अवयवांचे जोड.

हेतुकथन : “एकाच सुतळीचे लहानमोठे आयत करता येतात. आपल्याला हवे तेवढे क्षेत्रफळ कोणत्या आयताचे, ते आज शोधू.”

विषयप्रतिपादन : पटांगणात चार मुलांनी सुतळी धरून आयत करावेत, इतरांनी लांबी-रुंदी मोजून क्षेत्रफळ मांडावे. वर्गात येऊन तक्ता, बिंदू, वक्र, आडवी रेषा या क्रमाने जावे. ‘क्ष’ हे अक्षर सर्वांत शेवटी यावे.

उपयोजन : प्रत्येक मुलाने आपल्या मनाने एक क्षेत्रफळ निवडून ते शक्य आहे की नाही हे प्रथम आलेखावरून सांगावे व मग पडताळा पाहावा.

एकशिक्षकी किंवा द्विशिक्षकी शाळेत मोठ्या मुलांनी बिंदू मांडावेत व लहानांनी गुणाकार करावेत. म्हणजे दोन्ही वर्ग एकाच कामात गुंततात. मुलाने उत्तर सांगितले की “बरोबर” किंवा “चूक” न म्हणता “आलेखावर दाखव” असे म्हणावे. दाखविता आले नाही तर कोणती पायरी कच्ची आहे हे शिक्षकास तत्काळ कळते.

सरावासाठी उदाहरणे

(१) ४० मीटर तारेत ९६ चौरस मीटरांचा आयत करा. १०५ चौरस मीटरांचा करता येईल काय?
(२) दोन क्रमागत पूर्णांकांचा गुणाकार ५६ आहे. ते पूर्णांक कोणते? किती जोड्या मिळतात?
(३) ५० घनमीटर पाणी मावेल अशा घनाकृती टाकीची बाजू दोन दशांश स्थळांपर्यंत काढा.

उत्तरे : (१) १२ मीटर व ८ मीटर, नाही, कारण सर्वांत मोठे क्षेत्रफळ १०० चौरस मीटर. (२) ७ व ८, तसेच −८ व −७, दोन जोड्या. (३) ३.६८ मीटर.

शिक्षकांनी ही उदाहरणे वर्गात देण्यापूर्वी स्वतः कागदावर, आलेखासह, सोडवून पाहावीत.